स्टीमचा सेल: आधी यादी, मग पैसे

स्टीम या कॉम्प्युटर गेमच्या ऑनलाइन दुकानात मोठा सेल लागला की पहिल्या पानावर हिरव्या चौकटींची गर्दी होते. उणे ७५ टक्के, उणे ८०, उणे ९०. ते आकडे बघून भलेभले पाघळतात आणि तासाभरात कार्टमध्ये असे गेम जमतात, ज्यांची नावं काल कानावरूनही गेली नव्हती. त्यातले निम्म्याहून जास्त पुढच्या वर्षीही इन्स्टॉल न होता लायब्ररीत तसेच पडून असतात. दीडशे रुपयांचा न खेळलेला गेम दीडशे रुपयांना महागच पडला, मग त्यावर ९० टक्के सूट का असेना.

माझं मत सरळ आहे. चांगला स्वस्त गेम सेलच्या दिवशी शोधायचा नसतो. तो आधीच्या दोन-तीन महिन्यांत हेरून ठेवायचा आणि सेलच्या दिवशी फक्त पैसे भरायचे. म्हणून खाली सेलपेक्षा सेलच्या आधीच्या तयारीबद्दलच जास्त लिहिलं आहे. सगळं बोलणं पीसी आणि लॅपटॉपवरच्या गेमबद्दल आहे, आणि मुख्यतः स्टीमबद्दल, कारण तिथे २०१५ पासून किमती रुपयांत आहेत आणि बहुतेकांची सुरुवात तिथूनच होते.

सेल कधी लागतात

स्टीम चालवणारी व्हॅल्व्ह ही कंपनी वर्षाला चार मोठे सेल लावते. एक मार्चमध्ये, एक जूनच्या शेवटी, एक शरद ऋतूतला आणि एक डिसेंबरच्या दुसऱ्या पंधरवड्यात. जून आणि डिसेंबरचे सेल साधारण दोन आठवडे किंवा थोडे जास्त चालतात, बाकीचे दोन आठवडाभर. शरदातला सेल पूर्वी नोव्हेंबरच्या शेवटी असायचा. २०२५ मध्ये तो २९ सप्टेंबर ते ६ ऑक्टोबर असा अलीकडे आणला, त्यामुळे त्या वर्षी तो ऐन दसऱ्यात आला. दिवाळीचा बोनस हातात पडायच्या आत सेल संपला, हा भाग वेगळा.

सेल अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्याच्या घड्याळाने सकाळी दहाला सुरू होतो. आपल्याकडे तेव्हा रात्रीचे साडेदहा वाजलेले असतात, आणि डिसेंबरच्या सेलला साडेअकरा. पहिला तासभर साइट धापा टाकते, पेमेंटचं पान अडकतं. त्या वेळी जागत बसून काहीही पदरात पडत नाही. २०१५ च्या मध्यापर्यंत काही तासांपुरत्या 'फ्लॅश' सवलती असायच्या, तेव्हा जागण्यात अर्थ होता. आता मोठ्या सेलमध्ये पहिल्या दिवशीचा भाव सहसा शेवटच्या दिवसापर्यंत तोच राहतो. 'शेवटच्या दिवशी अजून उतरेल, थांब' असा सल्ला अजूनही दिला जातो. तो त्या जुन्या काळातला आहे, सोडून द्या. फक्त एखाद्या गेमची सूट सेलच्या आधी संपणार असेल तर त्याच्या पानावर तशी तारीख लिहिलेली असते, तेवढी बघा.

चार सेलव्यतिरिक्त प्रकाशकांचे आपापले सेल आणि विषयवार फेस्ट वर्षभर चालूच असतात. २०२२ पासूनच्या नियमानुसार एका गेमवरच्या दोन सवलतींमध्ये ३० दिवसांचं अंतर ठेवावं लागतं, पण या चार मोठ्या सेलना त्यातून सूट आहे. म्हणजे आज हुकलेला भाव बहुतेक वेळा दोन-तीन महिन्यांत पुन्हा येतो. 'आत्ता नाही तर कधीच नाही' असं वाटायला लावणं हे दुकानाचं काम झालं. आपण त्याला का भुलावं?

आधी आपलं यंत्र ओळखा

विंडोजच्या स्टार्ट मेनूत 'डीएक्सडायग' (dxdiag) टाइप करून एंटर मारा. प्रोसेसर, रॅम आणि ग्राफिक्स कार्ड तिथे दिसेल, ते कागदावर लिहून घ्या. पुढे प्रत्येक गेमच्या पानावर तळाशी दिलेल्या गरजांशी ते ताडून पाहायचं आहे. 'मिनिमम' आणि 'रेकमेंडेड' अशा दोन याद्या असतात. तुमचं यंत्र जेमतेम मिनिमममध्ये बसत असेल तर गेम चालेल, पण अडखळत.

ऑफिस किंवा कॉलेजसाठी घेतलेला, वेगळं ग्राफिक्स कार्ड नसलेला, ८ जीबी रॅमचा लॅपटॉप असेल तर नाराज व्हायचं कारण नाही. उलट सेलचा खरा फायदा अशांनाच होतो, कारण हलके आणि उत्तम गेम ढिगाने आहेत आणि बरेचसे जुने असल्याने खूप उतरलेले असतात. 'स्टारड्यू व्हॅली' (२०१६), 'टेरारिया' (२०११), 'हॉलो नाइट' (२०१७), 'स्ले द स्पायर' (२०१९), 'पेपर्स, प्लीज' (२०१३), 'इनटू द ब्रीच' (२०१८), आणि व्हॅल्व्हचा स्वतःचा 'पोर्टल २' (२०११), जो सेलमध्ये ९० टक्क्यांपर्यंत उतरत आला आहे. यातला कुठलाही एक गेम महिनाभर पुरतो.

दुसरी बाजू जागेची आणि डेटाची. 'रेड डेड रिडेम्पशन २' ला १५० जीबी जागा लागते. घरी फायबर नसेल आणि मोबाइलच्या रोजच्या २ जीबीवर भिस्त असेल, तर तो उतरवायला अडीच महिने लागतील. 'सायबरपंक २०७७' ला २०२३ नंतर एसएसडी (न फिरणारी, वेगवान डिस्क) लागतेच, जुन्या फिरत्या हार्ड डिस्कसाठीचा आधार कंपनीने काढून घेतला आहे. असे गेम कितीही उतरले तरी तुमच्या यंत्राला झेपत नसतील तर ते तुमच्यासाठी स्वस्त नाहीत.

विशलिस्ट भरा, पण मोजकी

कुठलाही गेम आवडला की त्याच्या पानावरचं 'ॲड टू विशलिस्ट' दाबा. त्याच्यावर सूट लागली की स्टीम स्वतःहून ईमेल पाठवतं. सेलच्या दिवशी विशलिस्ट उघडून 'डिस्काउंट' प्रमाणे क्रम लावला की सगळा बाजार तुमच्या यादीपुरता आटोपतो.

यादीत काय घालायचं ते मात्र नीट बघून ठरवा. गेमच्या पानावर 'ओव्हरव्हेल्मिंगली पॉझिटिव्ह' लिहिलं असेल तर ९५ टक्के किंवा जास्त लोकांनी त्याला चांगलं म्हटलं आहे आणि अभिप्रायही शेकड्यांनी आहेत असं समजा. पण तेवढ्यावर थांबू नका. 'रिसेंट' म्हणजे गेल्या महिनाभरातले अभिप्राय वेगळे दाखवलेले असतात. एकूण मत चांगलं आणि अलीकडचं वाईट, असं दिसलं तर एखाद्या अपडेटने गेम बिघडवला असण्याची शक्यता मोठी. मी आधी नकारात्मक अभिप्राय वाचतो, तेही ज्यांनी तीस-चाळीस तास खेळून मग तक्रार केली आहे त्यांचे. दहा मिनिटं खेळून शिव्या घालणाऱ्याचं मत फारसं कामाचं नसतं. चाळीस तास खेळलेला माणूस मात्र नेमकं दुखणं सांगतो: शेवट घाईत उरकला आहे, कंट्रोलरशिवाय खेळता येत नाही, ऑनलाइन खेळायला आता माणसंच नाहीत.

फेब्रुवारी, जून आणि ऑक्टोबरमध्ये 'स्टीम नेक्स्ट फेस्ट' भरतो. तेव्हा येऊ घातलेल्या शेकडो गेमचे डेमो फुकट मिळतात. डेमो खेळून आवडलेला गेम यादीत टाकायचा आणि तो बाहेर येऊन वर्ष होईपर्यंत थांबायचं. स्वस्त आणि खात्रीचा माल मिळवायचा याहून सोपा मार्ग मला माहीत नाही.

यादी भरताना पुण्यात बनलेला 'राजी: ॲन एन्शंट एपिक' जरूर बघा. नॉडिंग हेड्स गेम्स या पुण्याच्या स्टुडिओने तो २०२० मध्ये काढला. राक्षसांनी पळवलेल्या भावाला सोडवायला निघालेल्या मुलीची ही गोष्ट, आणि तिची चित्रं आपल्या लघुचित्रशैलीची आठवण करून देणारी. हाणामारी थोडी साचेबद्ध आहे, गेमही छोटा आहे. पण सेलच्या भावाला एका रविवारी संपवायला झकास.

टक्के नव्हे, रुपये बघा

आता सगळ्यात उपयोगाची गोष्ट. 'स्टीमडीबी' नावाची साइट प्रत्येक गेमच्या किमतीचा इतिहास ठेवते. गेमचं नाव शोधा, चलन भारतीय रुपया निवडा, आणि 'लोएस्ट रेकॉर्डेड प्राइस' बघा. आजवरचा नीचांकी भाव आणि तो कधी होता, दोन्ही समोर येतं. खाली आलेख असतो. जिन्याच्या पायऱ्यांसारखा उतरत जाणारा आलेख असेल, म्हणजे दर वर्षी सूट थोडी वाढते आहे, तर अजून एक पायरी थांबणं परवडतं. दोन वर्षं प्रत्येक सेलला त्याच तळाला येऊन टेकत असेल तर तोच त्याचा भाव समजा आणि घेऊन टाका.

टक्के फसवतात ते असे. समजा एक गेम १,४९९ रुपयांचा होता आणि ७५ टक्के सूट धरून ३७५ ला मिळायचा. मधल्या काळात प्रकाशकाने भारतातली मूळ किंमत २,९९९ केली. आज त्याच्यावर तीच ७५ टक्के सूट झळकते आहे, पण मोजायचे आहेत ७५० रुपये. हिरव्या चौकटीत फरक काहीच दिसणार नाही, आलेखात लगेच दिसेल. आदल्या दिवशी भाव चढवून दुसऱ्या दिवशी सूट दाखवायची, ही आपल्या ओळखीची दुकानदारी मात्र स्टीमवर चालत नाही. भाव वाढवला की त्यानंतर ३० दिवस सूट देता येत नाही.

ढोबळ अंदाज सांगायचा तर नव्या गेमवर १० ते २० टक्के, वर्षभराने ३० ते ५०, तीन-चार वर्षांनी ६० ते ७५, आणि त्याहून जुन्यावर ८०-९० पर्यंत. अपवाद आहेत आणि ते माहीत असलेले बरे. 'फॅक्टोरिओ' कधीच सेलमध्ये येत नाही. बनवणाऱ्यांचं ते जाहीर धोरण आहे, उलट जानेवारी २०२३ मध्ये त्यांनी किंमत ३० डॉलरवरून ३५ केली. त्याचा फुकट डेमो आहे. तो खेळा, नाद लागला तर पूर्ण पैसे मोजा, थांबून काही मिळणार नाही. 'स्टारड्यू व्हॅली'ची सूट बेताची असते, पण मूळ भावच कमी आणि नवे अपडेट फुकट (२०२४ मधला १.६ केवढा मोठा होता), त्यामुळे तिथेही फार ताणू नये.

आवृत्त्यांचा गुंता

एकाच गेमच्या तीन-चार आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवलेल्या असतात. इथे लोक हमखास चुकतात. 'द विचर ३' (२०१५) घ्या. नुसता मूळ गेम आणि दोन्ही मोठे विस्तार (मूळ गेमला नंतर जोडलेले नवे भाग) असलेली 'कम्प्लीट एडिशन', दोन्हींवर सेलमध्ये घसघशीत सूट असते आणि रुपयांतला फरक तेव्हा किरकोळ उरतो. 'ब्लड अँड वाइन' हा त्याचा दुसरा विस्तार एखाद्या स्वतंत्र गेमएवढा आहे. तो सोडून मूळ गेम घेणं म्हणजे नंतर जास्त पैसे देऊन तोच विकत घेणं. जुन्या लॅपटॉपवाल्यांनी घाबरू नये, डिसेंबर २०२२ च्या मोठ्या अपडेटनंतरही गेम सुरू करताना जुनी, हलकी डायरेक्टएक्स ११ ची आवृत्ती निवडता येते.

'सिव्हिलायझेशन ६' मध्ये उलटा प्रकार. मूळ गेम सेलमध्ये कवडीमोल होतो, पण त्याला आणखी मजा आणणारे 'राइज अँड फॉल' आणि 'गॅदरिंग स्टॉर्म' हे विस्तार वेगळे घ्यायचे, आणि त्यांचा भाव मूळ गेमहून जास्त असू शकतो. तिथे आधी फक्त मूळ गेम घ्या. पन्नास तास खेळलात तर पुढच्या सेलला विस्तारांचा विचार करा. बहुतेकांना त्याची गरज पडत नाही.

बंडलकडेही, म्हणजे एकत्र विकल्या जाणाऱ्या गेमच्या गठ्ठ्यांकडेही, लक्ष ठेवा. स्टीमवरच्या बऱ्याच बंडलमध्ये तुमच्याकडे आधीच असलेल्या गेमचे पैसे वजा होतात आणि उरलेल्यांवर बंडलची सूट सेलच्या सवलतीवर आणखी लागते. १,००० रुपयांचा गेम ५० टक्क्यांनी ५०० झाला आणि बंडलची १० टक्के सूट असेल, तर ४५० ला पडतो. कुठलाही गेम कार्टमध्ये टाकायच्या आधी त्याचं पान खाली सरकवून तो एखाद्या बंडलमध्ये आहे का, एवढं बघायची सवय लावा.

सेलच्या दिवशी

विशलिस्टमधलं आटोपल्यावर हात शिवशिवत असतील तर पहिल्या पानावर भटकू नका, शोधाचं पान उघडा. उजवीकडच्या पट्टीत 'स्पेशल ऑफर्स' वर खूण करा. किमतीची दांडी ओढून दोनशे-अडीचशे रुपयांवर आणा. प्रकार 'गेम्स' निवडा, नाहीतर यादीत गाण्यांचे अल्बम आणि कपडे-टोप्यांचे फुटकळ विस्तार घुसतात. आपल्याकडे असलेले गेम लपवण्याची खूण तिथेच आहे. मग एक टॅग निवडा: कोडी, शर्यत, रणनीती, जे आवडेल ते. शेवटी क्रम 'युजर रिव्ह्यूज' प्रमाणे लावा. आता जी यादी समोर येते ती पहिल्या पानापेक्षा कितीतरी सरस असते, कारण तिथे कोणाच्या जाहिरातीचा जोर चालत नाही. पहिल्या तीस-चाळीस नावांत एखादं तरी असं सापडतं की याआधी हे दिसलं कसं नाही, असं वाटावं. लगेच घेऊ नका. विशलिस्टमध्ये टाका, स्टीमडीबीवर भाव बघा, उद्या पुन्हा या. सेल पळून जात नाही.

पैसे भरायला स्टीमवर यूपीआय सगळ्यात सुटसुटीत. कार्ड वापरायचं तर एक लक्षात ठेवा: रिझर्व्ह बँकेच्या २०२० च्या नियमामुळे नव्या कार्डांवर ऑनलाइन आणि परदेशी व्यवहार आपण सुरू केल्याशिवाय चालत नाहीत. ते बँकेच्या ॲपमधून सुरू करावे लागतात, आणि काम झालं की परदेशी व्यवहार बंद करून ठेवणं शहाणपणाचं. डॉलरमध्ये विकणाऱ्या दुकानांत बँक चलनबदलाचा अधिभार लावते. तो धरून भाव काढा.

बाकीची दुकानं

एपिक गेम्स स्टोअर दर गुरुवारी निदान एक गेम फुकट देतं. आपल्याकडे वेळ रात्री साडेआठची, हिवाळ्यात साडेनऊची. डिसेंबरच्या सुट्टीत तर रोज एक अशी रांग लागते. मे २०२० मध्ये त्यांनी 'जीटीए ५' फुकट वाटला तेव्हा त्यांची साइटच बसली होती. गेम घ्यायला पीसी समोर असायची गरज नाही, मोबाइलच्या ब्राउझरवरून खात्यात टाकून ठेवता येतो. पुढे कधी चांगलं यंत्र घ्यायचं ठरवलं असेल तर आजपासून दर गुरुवारी एवढं करत राहा. आणि स्टीमवर एखादा गेम घेण्याआधी तो एपिकवर तुमच्या खात्यात फुकट येऊन पडलेला नाही ना, हेही तपासा. असं बऱ्याच जणांचं होतं.

जीओजी हे जुन्या गेमचं उत्तम दुकान. तिथला गेम उतरवून पेन ड्राइव्हवर ठेवता येतो, खेळताना इंटरनेट किंवा लाँचर (गेम उघडून देणारं वेगळं सॉफ्टवेअर) लागत नाही, आणि घेतल्यापासून ३० दिवसांपर्यंत परतावा मागता येतो. हंबल बंडलमध्ये पाच-सात गेमचा गठ्ठा एकत्र मिळतो, पण त्यातले निदान दोन तुमच्या यादीत असतील तरच घ्या. कुठे काय भाव चालला आहे ते 'इझ देअर एनी डील' किंवा 'जीजी डॉट डील्स' या साइटवर एकत्र दिसतं. दुसरीत अधिकृत दुकानं आणि गेम खात्यात घ्यायचे कोड विकणारे खासगी बाजार वेगवेगळे दाखवलेले असतात. खासगी बाजारातला कोड कधी चोरीच्या कार्डावर घेतलेला निघतो, प्रकाशक तो रद्द करतो आणि तुमच्या लायब्ररीतून गेम नाहीसा होतो. शंभर-दोनशे रुपये वाचवायला हा धोका पत्करू नये, असं माझं मत.

सेलच्या काळात 'फुकट गिफ्ट कार्ड', 'माझ्या टीमला मत दे' असे मेसेज ओळखीच्या नावानेही येतात, कारण त्या मित्राचंच खातं कोणीतरी पळवलेलं असतं. स्टीम गार्ड (लॉगिन करताना वेगळा कोड मागणारी स्टीमची सुरक्षा) सुरू ठेवा आणि कुठल्याही लिंकवरून लॉगिन करू नका.

घरात दोघं-तिघं खेळणारे असतील तर

सप्टेंबर २०२४ पासून 'स्टीम फॅमिलीज' आहे. एका घरातले सहा जणांपर्यंत खाती जोडतात आणि एकमेकांचे बहुतेक गेम खेळतात. ताईने घेतलेला 'हॉलो नाइट' धाकट्याला त्याच्या खात्यावर, त्याच्या सेव्हसह (खेळ कुठवर आला त्याच्या नोंदीसह) खेळता येतो. दोघांना एकाच वेळी तोच गेम हवा असेल तरच दोन प्रती लागतात. त्यामुळे सेलच्या आधी घरात विचारा, कोण काय घेतंय. मित्राला 'घरातला' म्हणून घेताना विचार करा, कारण कुटुंबातून बाहेर पडलेल्याची जागा वर्षभर अडकते. आणि तुमचा गेम खेळताना त्याने चीट केलं आणि पकडला गेला, तर त्या गेममध्ये बंदी तुमच्यावरही येते.

शिकायला किंवा नोकरीला परदेशी जाणाऱ्यांसाठी: घेतलेले गेम तुमच्याबरोबर येतात, पण दुकानाचा देश बदलावा लागतो आणि मग भाव तिथले. व्हीपीएन (आपण दुसऱ्या देशात आहोत असं भासवणारी सोय) लावून भारतातला भाव मिळवणं नियमाबाहेर आहे. जाण्याआधीच्या सेलमध्ये यादी उरकून घ्या.

घेतल्यानंतर

स्टीमचा परताव्याचा नियम: घेतल्यापासून १४ दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळला असाल तर पैसे परत, कारण काहीही चालतं. सेलच्या आदल्या आठवड्यात पूर्ण भावाला घेतलेला गेम परत करून सेलच्या भावाला पुन्हा घेणं स्टीमला मान्य आहे, तसं त्यांच्या नियमातच लिहिलं आहे. सेल चालू असतानाच परतावा हवा असेल तर तो बँकेत न मागता स्टीम वॉलेटमध्ये मागा. बँकेच्या मानाने लवकर येतो आणि त्याच पैशात दुसरा गेम बसतो.

म्हणून घेतलेला प्रत्येक गेम पहिल्या १४ दिवसांत एकदा तरी इन्स्टॉल करून पंधरा-वीस मिनिटं चालवा. सेटिंग कमी करून बघा, कीबोर्ड नीट चालतो का बघा, पंखा किती ओरडतो ते ऐका. काही गेम स्टीममधून उघडल्यावर स्वतःचं लाँचर आणि पुन्हा खातं मागतात, आणि त्या लाँचरमध्ये जो वेळ डाउनलोडला जातो तोही तुमच्या दोन तासांत मोजला जातो. तिथे लक्ष ठेवा. कायम इंटरनेट लागणारा गेम असेल तर जरा जास्तच विचार करा. युबिसॉफ्टने २०१४ मधल्या 'द क्रू' चे सर्व्हर मार्च २०२४ च्या शेवटी बंद केले, आणि विकत घेतलेला गेम लोकांना एकट्यालाही खेळता येईना.

डेटा बेताचा असेल तर स्टीमच्या सेटिंगमध्ये 'डाउनलोड्स' खाली वेग आणि वेळ ठरवून देता येते. रात्रीची वेळ लावा, छोटे गेम आधी उतरवा. घरातल्या दुसऱ्या कॉम्प्युटरवर तोच गेम असेल तर स्टीम तो इंटरनेटऐवजी घरच्या वायफायवरून एका यंत्रातून दुसऱ्यात नेऊ शकतं. त्यासाठी दोन्हीकडे लॉगिन आणि तेवढं एक सेटिंग सुरू असलं की झालं.